खल्ल्याची वेणी कधी विरघळते, कधी फाटते: काय चुकते आहे?

ठाणेकरीण: शेजारच्या काकू बेने इस्राएल, म्हणजे कोकणातल्या मराठी ज्यू समाजाच्या आहेत. त्यांची बहीण इस्राएलमधल्या अश्दोदहून येणार आहे आणि तिच्यासाठी शुक्रवारच्या जेवणाला खल्ला, म्हणजे शब्बाथचा (शुक्रवारच्या सूर्यास्ताला सुरू होणाऱ्या ज्यूंच्या विश्रांतीच्या दिवसाचा) वेणी घातलेला पाव, करून देण्याचे मी उत्साहाच्या भरात कबूल करून बसले आहे. ५०० ग्रॅम मैदा, २ अंडी, ६० ग्रॅम साखर, ६० ग्रॅम लोणी, चमचाभर मीठ, ७ ग्रॅम इन्स्टंट यीस्ट आणि मावेल तेवढे कोमट दूध, असे माझे प्रमाण होते. पहिल्या खेपेस पेड एकमेकांत मिसळून पावाची लादी झाली. दुसऱ्या खेपेस पीठ घट्ट भिजवून वेणी करकचून घातली, तर भाजताना ती बाजूने उकलली आणि आतला पांढरा गर बाहेर आला. ओव्हन साधा ओटीजी आहे. कृपया मार्गदर्शन करावे.

पीठमळ्या: आपल्या दोन्ही चुका परस्परविरुद्ध आहेत, त्यामुळे उपाय त्यांच्या मधोमध सापडेल. पहिल्या वेळी पीठ सैल होते आणि ठाण्याच्या उकाड्यात ते प्रमाणाबाहेर फुगले. दुसऱ्या वेळी वेणी पुरती फुगण्याआधीच ओव्हनमध्ये गेली, आणि घट्ट विणीमुळे वाढायला जागाच न उरल्याने ती सांध्यांवर फाटली. यीस्ट ५ ग्रॅम घ्या. पीठ चपातीच्या कणकेपेक्षा किंचित घट्ट, पण पुरीच्या कणकेपेक्षा सैल हवे.

पेड वजन करून सारखे करा. वळताना मधे जाड आणि टोकांना निमुळते ठेवा. पीठ आखडून मागे येऊ लागले की झाकून दहा मिनिटे सोडून द्या, कारण त्या वेळी ओढाताण केली की पेड तुटतात. पेडांवर मैद्याचा अगदी हलका हात फिरवला की भाजल्यावरही ते वेगळे दिसतात, ही यातली खरी खुबी आहे. तीनपेडी वेणी मधून सुरू करून दोन्ही टोकांकडे घातली तर सारखी येते. सहापेडीच्या वाटेला इतक्यात जाऊ नये. वेणी सैल घालावी. बोटाने दाबल्यावर खळगा हळूहळू आणि अर्धवट भरून आला की ती ओव्हनमध्ये जायला तयार आहे असे समजावे. फेटलेले अंडे एकदा वेणी घातल्यावर आणि पुन्हा भाजण्याच्या आधी खाचांत जाईल असे लावा, वर तीळ किंवा खसखस भुरभुरवा. १८० अंशांवर साधारण अर्धा तास लागतो. ओटीजीची वरची कांडी जवळ असते, म्हणून रंग आला की फॉइल झाका.

अलिबागची नात, मुक्काम लोद (इस्राएल): वरचे सगळे मान्य, पण लोणी आणि दूध दोन्ही काढून तेल आणि पाणी घाला. यामागे आरोग्याचा विचार नाही. शब्बाथच्या जेवणात बहुधा मांस असते आणि आमच्यात मांसाबरोबर दुधाचे काही चालत नाही. तेल गाळण्याचा धंदा आणि शनिवारी सुट्टी, म्हणून कोकणात ज्यांना शनिवार तेली म्हणत, त्यांच्या ताटात तेलाचाच पाव शोभेल. रक्तही आम्हांला वर्ज्य, म्हणून अंडे आधी वाटीत फोडून रक्ताचा ठिपका नाही ना, हे पाहून घ्या.

पाव दोन हवेत, कारण मिसरमधून निघालेल्या आमच्या पूर्वजांना रानातल्या प्रवासात शुक्रवारी मान्ना, म्हणजे आकाशातून पडणारे अन्न, दुप्पट मिळे त्याची ती आठवण असते. आपल्या प्रमाणात दोन मध्यम पाव होतील. पीठ साधारण सव्वा किलोपेक्षा जास्त असेल तर सुपारीएवढा गोळा काढून जाळतात. खल्ला हे नाव मुळात त्या काढलेल्या भागाचे आहे. अर्ध्या किलोला ती गरज नाही.

एक गोष्ट मात्र काकूंना आधीच विचारा. पाहुण्या कश्रुत, म्हणजे खाण्यापिण्याचे ज्यू नियम, कडक पाळत असतील तर काकूंच्याच घरी, त्यांच्याच भांड्यांत मळा आणि ओव्हन त्यांच्या हाताने लावू द्या. भाजणे सूर्यास्ताच्या बरेच आधी संपले पाहिजे. खरे सांगायचे तर वेणीचा खल्ला ही मध्य आणि पूर्व युरोपातल्या ज्यूंची चाल. माझ्या आजीच्या घरी मनुकांच्या सरबतावर किद्दूश (शब्बाथच्या जेवणाआधीची, एरवी द्राक्षरसाच्या पेल्यावर म्हणायची प्रार्थना) होई आणि पुढ्यात चपात्या असत.

ठाणेकरीण: काकूंना विचारले. ओव्हन त्या लावणार आहेत आणि मनुका गुरुवारी रात्री भिजत घालणार आहेत. चपात्याही करू म्हणाल्या, पाव पुन्हा उकललाच तर!