मदत हवी आहे: सी. रामचंद्रांची गाणी आणि आमच्या ट्रम्पेटचा घोळ

नमस्कार मंडळी,

फोंड्याजवळच्या आमच्या गावात चवथ झाली की वाचनालयाच्या हॉलमध्ये संगीतकार सी. रामचंद्र ऊर्फ अण्णा यांच्या गाण्यांचा कार्यक्रम ठरलाय. निवेदन माझ्या गळ्यात पडलंय. समितीच्या पहिल्या यादीत 'ऐ मेरे वतन के लोगो' आणि मग नुसती लताबाईंची विरहगीतं. भांडून ती मोडायला लावली.

अण्णांचा आवाका एकट्या 'अलबेला'त (१९५१) दिसतो. 'शोला जो भडके'चा धिंगाणा त्यातच, 'धीरे से आजा री अँखियन में' ही अंगाईही त्यातच. पुढे १९५३ची 'अनारकली', १९५९चा 'नवरंग'. आणि चितळकर नावानं गाणारेही तेच, हे आमच्या समितीतल्या दोघांना आता कळलं!

गोव्याचा धागा मला सोडायचा नाही. त्यांचे ट्रम्पेटवाले चिक चॉकलेट, म्हणजे आपल्या हळदोण्याचे आंतोनियो शावियेर वाझ. 'अलबेला'त ते पडद्यावरही दिसतात. चर्चच्या शाळेत सोल्फा (पाश्चात्य सरगम) गिरवलेली अशी कितीतरी गोंयकार पोरं मुंबईच्या स्टुडिओंत नोटेशन वाचून वाजवायची. त्यांच्या 'ईना मीना डीका'मधलं 'माका नाका' (कोंकणीत 'मला नको') ऐकून आमच्याकडे अजून खसखस पिकते.

म्हणून खराखुरा ट्रम्पेट हवा असा हट्ट मीच धरला. फेस्ताच्या (चर्चच्या सणाच्या) बँडमध्ये वाजवणारे मडगावचे एक अंकल तयार झाले. पहिल्या तालमीला पेटीवाल्यानं पांढरी एकचा (पेटीच्या पहिल्या पांढऱ्या पट्टीचा) सा धरला, अंकलनी कागदावरचा 'दो', म्हणजे त्यांचा सा, फुंकला आणि निघाली काळी पाच! दोघंही एकमेकांकडे बघत राहिले. त्यांचं वाद्य बी फ्लॅटचं, कागदावरच्यापेक्षा एक सूर खाली वाजतं, हे मला तेव्हा समजलं.

खरी अडचण आता सांगतो. 'शोला जो भडके' गाणारी आमची जोडी पांढरी तीनवर बसलीय. अंकलना त्यासाठी एक सूर वर लिहून द्यायचं म्हणजे सहा शार्प (अर्ध्यानं चढवलेले सूर). "ह्या वयात सहा शार्प? ना रे बाबा," म्हणून त्यांनी चष्मा काढून ठेवला. काळी दोनवर उतरलो तर त्यांच्या कागदावर एकच फ्लॅट (अर्ध्यानं उतरवलेला सूर) येतो. पण गायक म्हणतो, खाली गेलं की गाण्यातली धग जाते.

तर विचारायचंय ते असं. अर्ध्या सुरानं खरंच इतका फरक पडतो का, की गायकाचा हट्टच आहे? ह्या गाण्याच्या ट्रम्पेटच्या जागा कुणी स्टाफ नोटेशनमध्ये (पाच रेघांच्या पाश्चात्य लिपीत) उतरवून ठेवल्यात का? आमची सगळी वही भातखंडे पद्धतीची, म्हणजे सारेगम अक्षरांत लिहिलेली, अंकलना ती मोडी लिपीसारखी वाटते.

आणि शेवट कशानं करावा? 'ऐ मेरे वतन'नंतर लोक उठून उभे राहतात, मग पुढचं काही ऐकत नाहीत. मी अंगाईनं संपवावं म्हणतो. समिती म्हणते, लोक झोपतील.