आईने म्हटलेल्या कानबाईच्या गाण्यावर यूट्यूबचा क्लेम आलाय, काय करू?

पारोळेकर:
नमस्कार मंडळी. श्रावणात आमच्याकडे कानबाई (आमच्या खानदेशातली देवी) बसली तेव्हा आई, मावशी अन् गल्लीतल्या बायांनी रात्रभर गाणी म्हटली, ती मी मोबाईलवर रेकॉर्ड करून चॅनलवर टाकली. म्युझिक काहीच नाही, फक्त आवाज अन् टाळ्या. तर एका गाण्यावर कोणत्या तरी म्युझिक कंपनीचा कॉपीराइट क्लेम आलाय. अहो हे गाणं माझी पणजी म्हणायची, ते कंपनीचं कसं झालं? चॅनल बंद पडेल का? डिलीट करून टाकू?

चोपडा_साउंड:
डिलीट अजिबात करू नका भाऊ. क्लेम वेगळा अन् स्ट्राइक वेगळा. स्ट्राइक म्हणजे कॉपीराइटच्या तक्रारीवरून व्हिडिओ काढला की चॅनलवर लागणारी ताकीद. 90 दिवसांत 3 स्ट्राइक आले तर चॅनल जाऊ शकतं, क्लेमने बहुतेक वेळा त्या व्हिडिओच्या जाहिरातीचे पैसे समोरच्याकडे जातात, कधी तो व्हिडिओ ब्लॉक होतो. बहुतेक त्याच चालीवर कोणीतरी डीजेचं गाणं काढून कंटेंट आयडीत (यूट्यूबची गाणी ओळखणारी सिस्टीम) टाकेल असेल, मग सिस्टीमला चाल जुळली की क्लेम लागला. डिस्प्यूट करा म्हणजे क्लेमवर हरकत घ्या, लिहा की गाणं पारंपरिक आहे अन् आवाज घरच्या बायांचा आहे. त्यांना 30 दिवस असतात, उत्तर नाही आलं तर क्लेम सुटतो. नाकारला तर अपील आहे, पण तिथे ते व्हिडिओ काढायला लावू शकतात अन् स्ट्राइक येऊ शकतो, म्हणून पुरावा सांभाळा.

शहाद्याची_लेक:
दादा आधी एकदा नीट ऐका, मागे कुठे डीजे वाजत नव्हता ना? जुन्या शब्दांवर, चालीवर कोणाची मालकी नसते पण ज्याने रेकॉर्डिंग केलं त्याचा त्या रेकॉर्डिंगवर हक्क असतो, आपल्याकडे 60 वर्षं. कितव्या मिनिटाला मॅच झालंय ते क्लेममध्येच दिसतं.

पारोळेकर:
ऐकलं ताई. त्या जागेवर एकटी मावशी म्हणतेय, तिच्या बांगड्यासुद्धा ऐकू येतात, दुसरं काही नाही. डिस्प्यूट टाकला.

वहीवाला_धुळे:
बरोबर शे दादा, सोडू नका. आमच्या वहीगायनाचं (खानदेशातली लोकगायनाची परंपरा) पण हेच होतंय. मोबाईलच्या दुकानात मेमरी कार्ड भरून घ्यायचो तेव्हापासूनच गाणाऱ्याचं नाव गायब झालं, फाईलवर नुसता दुकानाचा नंबर असायचा. तुम्ही गाणाऱ्या बायांना विचारून सगळ्यांची नावं अन् गाव डिस्क्रिप्शनमध्ये टाका. ओरिजनल फाईल पण ठेवा, व्हॉट्सॲपवर फिरलेली नाही, तिच्यात रेकॉर्डिंगची तारीख असते. अन् रोटाची (कानबाईच्या नैवेद्याची) गाणी रेकॉर्ड केली असतील तर तीही टाका, आमच्या घरी पाहिजेत.