बुडालं की फुटलं?

प्रश्न : 'शिपरेक'ला मराठीत काय म्हणावं? १५८८ साली इंग्लंडवर चालून गेलेल्या स्पॅनिश आरमाराबद्दल लिहितोय. 'नौकाभंग' लिहिलं की उगाच तपोभंग आठवतो.

– नौकाभंग नकोच, पण 'बुडालं'ही इथे चालणार नाही. इंग्रजांच्या तोफांनी फार थोडी जहाजं बुडवली. फ्रान्सच्या कॅलेस बंदरापाशी त्यांनी पेटती जहाजं अंगावर सोडली, तेव्हा स्पॅनिशांनी घाईघाईत नांगराचे दोर तोडले. मग वाऱ्याने उत्तरेला रेटलं. स्कॉटलंडला वळसा घालून आयर्लंडच्या पश्चिमेकडून परतताना वादळ आलं आणि नांगर टाकावा तर नांगरच कमी. असं गलबत फुटतं. आमच्याकडे कोकणात 'फुटलं'च म्हणतात. स्लायगोजवळ स्ट्रीडाच्या पुळणीवर तर तीन जहाजं एकदम फुटली.

– अवांतर : आपलं 'आरमार' पोर्तुगीज 'आर्मादा'वरूनच आलं असं मानतात. त्या ताफ्याचं मुख्य जहाज 'सांव मार्तिन्यो' पोर्तुगीजच होतं. तेव्हा लिस्बन आणि गोवा दोन्ही स्पेनच्याच राजाकडे होते.

– बरं, मग जे जगले त्यांना काय म्हणणार? 'किनाऱ्याला लागले' म्हटलं की सुखरूप पोचल्यासारखं वाटतं.

– प्रेतंही किनाऱ्याला लागतातच की. स्ट्रीडाला फ्रान्सिस्को दे क्वेयार हा कप्तान लाकडी झाकणाला धरून बाहेर आला. त्याच्याबरोबरच्या न्यायाधिकाऱ्याने कपड्यांत सोन्याची नाणी शिवून घेतली होती, त्या वजनानेच तो गेला. क्वेयारला लोकांनी नागवलं. आसऱ्याला म्हणून एका मठात शिरला, तर आत बारा स्पॅनिश फासावर लटकलेले. पुढे मॅकक्लँसी नावाच्या आयरिश सरदाराने त्याला ठेवून घेतलं. त्याच्या पत्रामुळेच हे सगळं कळतं. बाकी बहुतेकांना डब्लिनच्या इंग्रज अधिकाऱ्यांच्या हुकमाने मारलं. त्यामुळे मी 'वाचलेले' लिहिणार नाही, 'बाहेर आलेले' लिहीन.

– 'जिरोना' जहाजावरच्यांचं काय? आलोन्सो दे लेइव्हा या स्पॅनिश सेनानीची माणसं दोन जहाजं फुटूनही जिवंत राहिली आणि 'जिरोना'वर चढली. तेही आयर्लंडच्या उत्तरेला अँट्रिमच्या खडकांवर फुटलं. सुमारे तेराशेंपैकी हाताच्या बोटांवर मोजण्याइतके उरले.

– त्यांना पहिल्या दोन वेळी 'वाचले' म्हणायला हरकत नाही.

प्रश्नकर्ता : 'फुटलं' घेतो. 'पुळण'पण घेतो, मी 'वाळूचा किनारा' लिहून ठेवलं होतं.