कमी मार्कवालीचं नाव लागलं, बहिणीचं नाही. कोर्टात जावं का?

सोलापुरी_दादा
नमस्कार मंडळी, बहिणीसाठी विचारतोय. डीएड झालीय, ओबीसी, पवित्र पोर्टलवर (शिक्षक भरतीचं सरकारी पोर्टल) पहिली ते पाचवीसाठी झेडपीचे प्राधान्यक्रम भरलेले. टेटला (भरतीची अभियोग्यता चाचणी) १२१ मार्क. यादी लागली तर एका झेडपीत ओपन महिलेतून ११८ वाली घेतलीय आणि हिचं नाव कुठेच नाही, ओबीसी महिला १२४ ला बंद झालं. ऑफिसात विचारायला गेलो तर क्लार्क म्हणाले टीईटीला (शिक्षक पात्रता परीक्षा) सवलत घेतलीय म्हणून ओपनमध्ये धरलं नाही. टीईटीला तिला ८६ होते, म्हणजे ओपनला पास व्हायला लागणाऱ्या ९० च्या आत. पण मेरिट टेटवर लागतं ना, टीईटीचा काय संबंध? वडील म्हणतात कोर्टाच्या नादी लागू नका. काय करावं?

गुरुजी_होणार
भावा आधी एक बघ, ती ११८ वाली जागा ताईंच्या प्राधान्यक्रमात होती का? लॉक केलेली प्रिंट काढ आणि माध्यमही बघ. माझ्या मित्राने दोन महिने आदळआपट केली आणि शेवटी कळलं की ती जागा कन्नड माध्यमाची होती 😅

काळाकोट
प्राधान्यक्रम जुळत असेल तर केसमध्ये दम आहे, पण पूर्ण वाचा, अर्धवट वाचून वकिलाकडे पळू नका. एक म्हणजे ओपन महिला ही जागा ओपन जातीच्या बायकांची नसते, मार्क असतील तर ओबीसी, एससी कुणीही त्यात येते, सुप्रीम कोर्टाने २०२० मध्ये सौरव यादव केसमध्ये हे स्पष्ट केलंय. दुसरं टीईटीच्या सवलतीचं. २०१६ ची विकास सांखला केस बघा, राजस्थानच्या शिक्षक भरतीची, हाच वाद होता. टीईटी ही पात्रता, तिथे मार्कांची सूट घेतली म्हणजे भरतीच्या मेरिटमध्ये सूट घेतली असं होत नाही, म्हणून त्या उमेदवारांना ओपनमध्ये येऊ दिलं. मात्र २०१७ च्या दीपा ई. व्ही. केसमध्ये उलटं झालं, कारण तिथे वयाची सूट घेतलेल्याला ओपनमध्ये घेणार नाही असं नियमातच होतं. म्हणून जाहिरात आणि पोर्टलवरच्या सूचना ओळ न ओळ वाचा, क्लार्क तोंडी काय म्हणतो त्याला शून्य किंमत.
झेडपीची भरती आहे म्हणून मॅटमध्ये (राज्य सरकारी नोकऱ्यांच्या वादांचं न्यायाधिकरण) नाही, हायकोर्टात रिट. तुम्ही सोलापूरचे, आता मुंबई गाठायला नको, १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला हायकोर्टाचं सर्किट बेंच चालू आहे. आणि त्या ११८ वालीला प्रतिवादी करावंच लागेल. ज्यांची नोकरी जाणार त्यांना न ऐकता निकाल नाही, प्रबोध वर्मा केसमध्ये १९८४ लाच सांगितलंय, तीही यूपीच्या शिक्षकांचीच.

सोलापुरी_दादा
सर खूप आभार. पण त्या पोरीला ओढायचं हे जिवावर येतंय, तिची काय चूक. तिची जागा न घेता हिला घेता येणार नाही का?

थकलेला_अभियोग्यताधारक
दादा जागा रिकामी असली तर कोर्ट तसंही करतं, आमच्या वेळी एक पद निकालापर्यंत रिकामं ठेवायला सांगितलेलं. म्हणून उशीर करू नका, रुजू झालेल्यांना वर्ष दोन वर्षं झाली की कोर्टालाही हात घालावासा वाटत नाही. यूपीचं बघा, ६९ हजार शिक्षकांची यादी, ऑगस्ट २०२४ मध्ये अलाहाबाद हायकोर्ट म्हणालं नवी यादी करा, सप्टेंबरमध्ये सुप्रीम कोर्टाची स्थगिती, तोवर पोरं चार वर्षं शिकवत होती. यादीत नाव आलं म्हणजे नोकरीचा हक्क मिळाला असंही नसतं बरं का, हे मला माझ्या वकिलाने फी घेतल्यावर सांगितलं.

गुरुजी_होणार
😂😂 फी घेतल्यावर

सोलापुरी_दादा
प्रिंट काढली. तो प्राधान्यक्रम होता, ९ नंबरला, माध्यम मराठीच. जाहिरातीत वयाच्या सवलतीबद्दल लिहिलंय, टीईटीबद्दल मला तरी एक ओळ सापडली नाही. आता नाकारलं त्याचं कारण लेखी पाहिजे ना?

काळाकोट
हो, निवेदन द्या आणि पोच घ्या, सोबत माहिती अधिकारात त्या जागेचा निवड तक्ता आणि बिंदुनामावली (कोणती जागा कोणत्या प्रवर्गाची याचा तक्ता) मागा. पण त्याच्या ३० दिवसांची वाट बघत बसू नका, वकिलाला आत्ताच कागद दाखवा. त्या मुलीचं मलाही वाईट वाटतं, पण तिला पार्टी केलं नाही तर पहिल्याच तारखेला त्यावरून ऐकावं लागेल.

सोलापुरी_दादा
ठीक सर. वडिलांना अजून सांगितलं नाहीये. माहिती अधिकाराचा अर्ज साध्या कागदावर चालतो ना?

गुरुजी_होणार
चालतो, १० रुपयांचं कोर्ट फी तिकीट लाव आणि झेरॉक्सवर पोच घे, नाहीतर अर्ज आलाच नाही म्हणतात.