पैशाइतकीच कामाची पद्धतही
मोठे अ‍ॅनिमेशन स्टुडिओ नुसता पैसा लावतात, असं म्हटलं जातं; मला ते पटत नाही. पिक्सारने २०१६ साली यूएसडी (युनिव्हर्सल सीन डिस्क्रिप्शन, म्हणजे थ्रीडी दृश्य फाइलमध्ये लिहून ठेवण्याची पद्धत) हे आपलं घरचं तंत्र सगळ्यांना खुलं केलं. आज माया, हूडिनी, ब्लेंडर ही थ्रीडी सॉफ्टवेअर सगळी ते वाचतात. त्यात लेआउट (कॅमेरा आणि वस्तूंची मांडणी), अ‍ॅनिमेशन, लायटिंगवाले एकाच शॉटवर आपापल्या लेयर फाइलमध्ये, म्हणजे फक्त आपले बदल लिहिलेल्या वेगळ्या फाइलमध्ये, काम करतात, मूळ मॉडेलला हात न लावता. फार मोलाची सोय आहे ही. गोची होते लेयरच्या क्रमात, कारण वरच्या लेयरमधलं मूल्य खालच्यावर मात करतं. लायटिंगच्या, म्हणजे वरच्या लेयरमध्ये खुर्चीची जागा चुकून लिहिली गेली, की अ‍ॅनिमेटरने कितीही सरकवली तरी रेंडरमध्ये, म्हणजे तयार चित्रात, खुर्ची ढिम्म हलत नाही. अशा वेळी यूएसडीव्ह्यूमध्ये (यूएसडी फाइल बघायचं साधन) खुर्चीची ट्रान्सफॉर्म प्रॉपर्टी, म्हणजे तिच्या जागेची नोंद, निवडून लेयर स्टॅक (लेयरची उतरंड) बघा. कुठल्या फाइलचं मूल्य वरचढ ठरतंय ते तिथे दिसतं. तेवढी एक ओळ त्या फाइलमधून काढली की झालं.