वंशाच्या रकान्यात आमच्या मुलांनी काय लिहायचं?

ओहायोकर:
'अमेरिकेतली मिश्रवंशीयांची चळवळ म्हणजे सुखवस्तू लोकांचं फॅड, त्यानं काळ्यांच्या हक्कांचं नुकसानच झालं,' असं काल कुणीतरी लिहिलं. डोकंच सणकलं, म्हणून वेगळा धागा.

जेम्स लँड्रिथ यांनी नव्वदच्या दशकात 'द मल्टिरेशियल ॲक्टिव्हिस्ट' हे मिश्रवंशीयांच्या हक्कांसाठीचं ऑनलाइन नियतकालिक सुरू केलं. म्हणणं सरळ होतं: माणसाचा वंश ठरवणं हे सरकारचं काम नाही. यात फॅड कसलं? १९५८ साली व्हर्जिनियात शेरीफनं मिल्ड्रेड आणि रिचर्ड लव्हिंगला मध्यरात्रीनंतर अंथरुणातून उठवून पकडलं. गुन्हा काय, तर गोऱ्यानं काळ्या बाईशी केलेलं लग्न! त्यांच्याच खटल्यात सुप्रीम कोर्टाचा १९६७ चा निकाल लागेपर्यंत सोळा राज्यांत अशा लग्नांना बंदी घालणारे कायदे होते. त्याच व्हर्जिनियात जन्मनोंदणीचा प्रमुख वॉल्टर प्लेकर मूळ अमेरिकी कुटुंबांना कागदोपत्री 'कलर्ड', म्हणजे काळं, करून टाकायचा. लग्नाच्या परवान्यासाठी वंश लिहिण्याची सक्ती तिथे २०१९ पर्यंत होती. रॉकब्रिज काउंटीच्या यादीत 'आर्यन', 'म्युलाटो' (अर्धा काळा), 'ऑक्टरून' (एक-अष्टमांश काळा) हे शब्द तोवर होते.

माझी बायको काळी. मुलीच्या शाळाप्रवेशाच्या फॉर्मवर मी 'ब्लॅक' आणि 'एशियन' अशा दोन खुणा केल्या होत्या. ऑफिसातल्या बाईंनी माझ्यादेखत 'एशियन'वरची खूण निळ्या पेनानं गिरवून खोडली. मुलगी शेजारी उभी राहून बघत होती. हे फॅड नाही.

सह्यकडा:
ते मीच लिहिलं होतं आणि एक शब्द मागे घेणार नाही. मोजलंच नाही तर भेदभाव कोर्टात सिद्ध कसा करणार? मी नर्स आहे. अमेरिकेत बाळंतपणात काळ्या स्त्रिया दगावण्याचं प्रमाण गोऱ्यांच्या जवळपास तिप्पट आहे. हे कळलं ते रकान्यामुळेच. 'सरकारनं विचारूच नये' म्हणत वंशाधारित सवलतींचे विरोधक वॉर्ड कॉनर्ली यांनी २००३ मध्ये कॅलिफोर्नियात प्रपोझिशन ५४ हा प्रस्ताव मतदानाला आणला. मतदारांनी तो आपटला, जवळपास ६४ टक्के विरोधात. जनगणनेत स्वतंत्र 'मिश्र' रकाना हवा म्हणून रिपब्लिकन नेते न्यूट गिंग्रिच उभे होते आणि विरोधात एनएएसीपी, काळ्यांच्या हक्कांसाठी लढणारी संघटना. कोण कुणाच्या बाजूला होतं ते बघा, मग मला शिकवा.

ओहायोकर:
गिंग्रिच बाजूला आहेत म्हणून मुद्दा खोटा ठरत नाही. आणि स्वतंत्र रकाना मिळाला कुठे? १९९७ मध्ये सरकारनं तो नाकारून एकाहून जास्त खुणांची मुभा दिली. पुढे २००० मध्ये नियम आला, की नागरी हक्कांच्या कामासाठी 'गोरा' अधिक एक अल्पसंख्य वंश अशी खूण असेल तर माणूस त्या अल्पसंख्य वंशात धरायचा. म्हणजे काळ्या रक्ताचा एक थेंब असला तरी माणूस काळा, हा जुनाच न्याय! २००० च्या जनगणनेत ६८ लाख लोकांनी एकाहून जास्त खुणा केल्या, २०२० च्या जनगणनेत ३ कोटी ३८ लाख. एवढी माणसं फॅड करताहेत?

सह्यकडा:
२०२० ची वाढ बरीचशी उत्तरं नोंदवण्याची पद्धत बदलल्यामुळे आहे. आकडा फेकताना हेही सांगायचं असतं.

मृण्मयी_एडिसन:
तुम्ही दोघं आपल्याच माणसाला विसरलात. सखाराम गणेश पंडित, कॅलिफोर्नियातले वकील. अमेरिकन नागरिकत्व मागणाऱ्या भगतसिंग थिंड यांचा खटला लढवणाऱ्यांत ते होते. १९२३ मध्ये सुप्रीम कोर्ट म्हणालं की हिंदुस्थानी माणूस 'गोरा' नाही, म्हणून नागरिकत्व नाही. मग सरकार पंडितांचंही नागरिकत्व काढायला निघालं. ते स्वतःसाठी लढले आणि जिंकले. १९२७ मध्ये सुप्रीम कोर्टानं सरकारचं अपील ऐकायलाच नकार दिला आणि सरकारनं असे बाकीचे खटले सोडून दिले. ऊर भरून येतो.

भीमाकाठ:
ऊर भरून येण्याआधी थिंड यांच्या बाजूनं कोर्टात काय मांडलं गेलं ते वाचा. हा उच्चवर्णीय आर्य आहे, आणि लग्नाच्या बाबतीत गोरा अमेरिकन काळ्यांकडे बघतो तसाच हा हिंदुस्थानातल्या आदिवासींकडे बघतो! दुसऱ्याला खाली ढकलून वर चढायचं, याला नागरी हक्कांचा लढा म्हणायचं? माझ्या मावशीनं जातीबाहेर लग्न केलं तेव्हा तिच्या सासरी वर्षभर तिचं ताट वेगळं होतं. असला अभिमान मला नको.

मृण्मयी_एडिसन:
तो युक्तिवाद घाणेरडाच होता. पण पंडितांची बायको लिलियन गोरी अमेरिकन. १९२२ च्या कायद्यानुसार नवऱ्याचं नागरिकत्व गेलं की तिचंही जाणार. घर, वकिली, सगळंच पणाला लागलेलं. शंभर वर्षांपूर्वी त्या माणसानं काय करायला हवं होतं? प्रत्येक गोष्टीत जात काढायचीच का?

भीमाकाठ:
जात मी काढली नाही, ती त्या कोर्टाच्या कागदात आहे. पंडित स्वतःचा खटला बायको-घर दाखवून लढले, त्याबद्दल तक्रार नाही. थिंडबद्दल आहे आणि राहील. ओहायोकर, रॉकब्रिजच्या यादीतला 'आर्यन' तुम्हाला खटकतो ना? आपल्याच लोकांनी तो बिल्ला मागून घेतला होता. आपल्या मंडळात आजही लोक मुलांच्या गोऱ्या रंगाचं कौतुक करतात, त्यावर लिहा.

ओहायोकर:
माझ्या मुलीला त्याच मंडळाच्या गणपतीत 'ही कुणाची?' असं विचारलं होतं. मी आणि बायको तिच्या मागेच उभे होतो. त्यामुळे तुमचं म्हणणं नाकारत नाही. पण त्यानं रकान्याचा प्रश्न सुटत नाही.

कावेरी_टेक्सास:
माझा भाचा अर्धा मराठी, अर्धा आयरिश. बोनमॅरोला जुळणारा दाता शोधताना मिश्र वंशाचे दातेच कमी आहेत हे कळलं. नोंद नसती तर शोधलं असतं कुठे?

सह्यकडा:
कावेरी, हेच तर म्हणते आहे मी. ओहायोकर, त्या बाईंनी खोडलं ते चूक, अक्षम्य. आपली खूण आपण करायची, एवढं मान्य. पण रकाना काढायला माझा विरोध कायम.

ओहायोकर:
मग २००० च्या त्या नियमाचं बोला. 'गोरा' धरून केलेल्या दोन खुणांची त्या नियमानं परस्पर एक केली. माझ्या मुलीच्या फॉर्मवर याहून वेगळं काय झालं होतं?