कुमी मिझुनोचं करिअर राक्षसांनी खाल्लं का?

सई_विश्रामबाग (सांगली): आमच्या नाटकाच्या ग्रुपमध्ये मला सारख्या चेटकिणी आणि हडळी मिळतायत. आता बालनाट्यातही तेच. वैतागून रात्री 'मटांगो' (१९६३) हा जपानी सिनेमा लावला. बेटावर अडकलेली माणसं, आणि अळंबी खाऊन तजेलदार झालेली ती गायिका बाकीच्यांना हसत हसत खायला बोलावते. कुमी मिझुनो! एवढी ताकदीची नटी गॉडझिलाच्या पायाखालीच का राहिली?

कृष्णाकाठ: त्या सिनेमांत नटीला काम काय? किंचाळायचं आणि पळायचं. विषय संपला.

लाईटवाले_काका (सातारा): अहो कृष्णाकाठ, तुमच्याच सांगलीत भाव्यांच्या नाटकातले राक्षस 'अललडुर्र' करत रंगमंचावर यायचे. नुसत्या आरोळीनं कोणी घाबरतं का? समोरचा घाबरलेला दिसला तरच पब्लिक घाबरतं.

सई, हे सिनेमे काढणाऱ्या तोहो कंपनीत राक्षसाचं युनिटच वेगळं असायचं. रबरी पोशाखातले हारुओ नाकाजिमा स्पेशल इफेक्ट्सवाल्या एइजी त्सुबुरायांच्या सेटवर छोट्या इमारती तुडवायचे. माणसांचे प्रसंग दिग्दर्शक इशिरो होंडा वेगळे घ्यायचे. म्हणजे नटीसमोर राक्षस नाहीच, नुसतं आभाळ. हौशी नाटकांना लाईट देण्यात माझं आयुष्य गेलं. विंगेत वाघ आहे असं समजून बघ म्हटलं, की निम्मी मंडळी माझ्या स्पॉटकडे बघतात. मिझुनोची नजर हलत नाही.

१९६५ च्या गॉडझिलापटातली तिची नामिकावा बघ. एक्स ग्रहावरच्या सगळ्या बायकांचा चेहरा एकच. ही हेर म्हणून पृथ्वीवर येते आणि निक अ‍ॅडम्सच्या अंतराळवीरावर खरंच जीव लावते. तिचेच लोक तिला मारतात, पण त्याच्यासाठी ठेवलेल्या चिठ्ठीतून त्यांना कोणता आवाज सोसत नाही ते कळतं. गॉडझिला वगळला तरी ही भूमिका उभी राहते. १९६६ च्या 'एबिरा' या गॉडझिलापटात मात्र ऐनवेळी दुसरीच्या जागी आली, आणि त्या बेटावरच्या मुलीला लेखकानंच काही दिलेलं नाही.

शिवाय २००२ च्या गॉडझिलापटात ती जपानची पंतप्रधान आहे. २००४ मध्ये कमांडर, आडनाव परत नामिकावा. खाल्लेल्या करिअरला असा मान देतात होय?

वाईकर_मी: काका, दुसरी बाजूही सांगा की. १९५४ च्या पहिल्या 'गॉडझिला'त एमिको झालेली मोमोको कोची. तो शिक्का नको म्हणून ती तोहो सोडून हाइयुझा या नाट्यसंस्थेकडे वळली, रंगभूमीवर रमली. १९९५ मध्ये तीच एमिको साकारायला परत आली, तेही स्वतःच्या मर्जीनं. सई, नाही म्हणायलाही शिक.

सई_विश्रामबाग: तालीम सुरू झालीय, आता नाही कसं म्हणू! काका, चेटकिणीला दिसणारा राक्षस आमच्याकडेही नाहीच. मी बघू कुठे?

लाईटवाले_काका: विंगेत बांबूला पांढरी चिंधी बांधायला सांग, तुझ्या डोक्यापेक्षा हातभर उंच. सगळ्यांनी तिथेच बघायचं. आणि लाईटवाल्याला आधी दाखव, नाहीतर तो नेमका तिथेच अंधार करेल.